स्वस्ताईची उधारी

पुरुषांचा टी-शर्ट आज १४९ रुपयांना मिळतो. आठवडी बाजारात मिळतो, रस्त्याकडेच्या सेलमध्ये मिळतो आणि मोबाइलवर मागवला तर घरपोच, नाही आवडला तर परत. या १४९ रुपयांचा हिशेब एकदा कागदावर मांडून बघावा. मध्यम मापाच्या सुती टी-शर्टचं वजन साधारण १६० ते १८० ग्रॅम भरतं. पिंजताना, कातताना, कापड बेतताना जे वाया जातं ते धरलं तर सव्वादोनशे ग्रॅम रुई लागते. कापसातून रुई निघते जेमतेम एक तृतीयांश, बाकी सगळी सरकी. म्हणजे शेतातला कापूस लागला पावणेसातशे ग्रॅम. २०२५-२६ च्या हंगामाला मध्यम धाग्याच्या कापसाचा हमीभाव क्विंटलला ७,७१० रुपये होता. त्या भावाने हा कापूस झाला ५२ रुपयांचा. सरकीचे पैसे वजा केले तरी पस्तीस-चाळीस रुपयांची नुसती रुई आहे. आता उरलेल्या शंभर-एकशेदहा रुपयांत जिनिंग, सूतगिरणी, विणाई, रंगाई, शिलाई, पिशवी, कुरिअर, दुकानदाराचं किंवा ॲपचं कमिशन, जाहिरात, जीएसटी आणि परत आलेल्या मालाची जा-ये, एवढं सगळं बसवायचं.

ते बसत नाही. मग एक तर टी-शर्ट सुती नाही, किंवा वाटेत कुणाला तरी त्याचे पैसे मिळालेले नाहीत. बहुतेक वेळा दोन्ही खरं असतं.

अर्थशास्त्रात ही गोष्ट नवी नाही. कारखान्याच्या धुराचा खर्च शेजाऱ्यावर पडतो आणि मालाच्या किमतीत दिसत नाही, हे आर्थर पिगू यांनी १९२० मध्ये मांडलं आणि त्यावर कर हा उपाय सुचवला. त्यांच्या लेखी ती बाजाराची चूक होती, दुरुस्त करता येण्यासारखी. १९५० मध्ये विल्यम कॅप यांनी जास्त कडवट बाजू घेतली. खर्च दुसऱ्याच्या गळ्यात मारणं हा अपघात नसून धंद्याची रीतच आहे, कारण जो मारतो तो स्पर्धेत टिकतो, असं त्यांचं म्हणणं. कापडाचा धंदा शेतापासून उकिरड्यापर्यंत बघत गेलं की मला कॅप जास्त पटतात. स्वस्त वस्तू म्हणजे उधारीवर घेतलेली वस्तू. फक्त वही दुसऱ्याच्या नावावर असते.

सुरुवात शेतापासून. २०१७ च्या जुलै ते ऑक्टोबरमध्ये यवतमाळ जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून जास्त शेतकरी आणि शेतमजूर दगावले, शेकडो दवाखान्यात दाखल झाले. कित्येकांच्या डोळ्यांवर परिणाम झाला. त्या वर्षी कापूस डोक्याएवढा वाढला होता, हवा दमट होती, गुलाबी बोंडअळी बीटी बियाण्याला पुरून उरली होती, आणि दोन-तीन औषधं एकत्र करून फवारायचा सल्ला बहुतेकांना कृषी सहायकाकडून मिळाला नव्हता, कृषी केंद्राच्या काउंटरवर मिळाला होता. हातमोजे, मुखवटे, गॉगल नव्हते, आणि असते तरी त्या उकाड्यात कुणी घातले नसते. फवारणारा बरेचदा रोजंदारीचा गडी. शेतमालकाला कापसाचा भाव ठरवता येत नाही, गड्याला मजुरी ठरवता येत नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये केंद्राने कापसावरचं ११ टक्के आयातशुल्क वर्षअखेरपर्यंत उठवलं. कापड उद्योगाला माल स्वस्त मिळावा हा हेतू होता आणि उद्योगाच्या बाजूने त्यात तथ्यही आहे. पण स्वस्ताईचा भार कुणी सोसायचा हे ठरवण्याची वेळ आली की बोट नेमकं विदर्भ-मराठवाड्याकडे वळतं, हेही तितकंच खरं.

पुढचा टप्पा विणाई-रंगाईचा. इथे जरा थांबायला हवं, कारण उधारी कशी चढते ते इचलकरंजीत नीट दिसतं. १९०४ मध्ये विठ्ठलराव दातारांनी इथे पहिला यंत्रमाग बसवला, जहागीरदार नारायणराव घोरपड्यांनी पाठबळ दिलं, आणि पुढे गाव महाराष्ट्राचं मँचेस्टर म्हणून मिरवू लागलं. आजही गल्लीबोळांतून मागांचा खडखडाट ऐकू येतो. शेडमध्ये गेलात तर दोन हातांवरच्या माणसाशी ओरडून बोलावं लागतं, कामगार आपापसांत खुणांनीच बोलतात. बारा तासांची पाळी, पगार मीटरवर, आणि हवेत कापसाचे तंतू. वर्षानुवर्षं तिथे काढलेल्या माणसाला कमी ऐकू येतं, दम लागतो. त्याची नोंद कुठल्याच बिलावर नसते.

या शेडचा मालकही गब्बर असतोच असं नाही. इथले कितीतरी यंत्रमागधारक ‘खर्चीवाले’ आहेत. सूत व्यापाऱ्याचं, कापडही व्यापाऱ्याचं. मागवाल्याने फक्त विणून द्यायचं आणि मजुरी घ्यायची, तीही पिकावर पैशांत मोजून. पीक म्हणजे आडवा धागा, इंचात किती ते मोजायचं. बाजारात मंदी आली की व्यापारी पिकामागे दोन-चार पैसे कमी करतो. विजेचा दर कमी होत नाही, सुट्ट्या भागांचा होत नाही, बँकेचा हप्ता होत नाही. मग कमी काय होतं? कामगारांची संख्या, दुरुस्ती, आणि शेडमधली सुरक्षितता. एकेक माणूस चारऐवजी सहा-आठ माग सांभाळायला लागतो. लेबलावर ज्याचं नाव असतं त्याने यातलं काही करायला सांगितलेलं नसतं. त्याने फक्त भाव सांगितलेला असतो.

रंगाईचं पाणी काळ्या ओढ्याने पंचगंगेला जातं. या नदीच्या दुखण्याला एकटं इचलकरंजी जबाबदार नाही. वरून कोल्हापूरचं मैलापाणी येतं, साखर कारखान्यांचं येतं, आणि गावात सामुदायिक सांडपाणी प्रक्रिया केंद्रही आहे. पण उन्हाळ्यात प्रवाह आटला की शिरोळ तालुक्यात तेरवाडच्या बंधाऱ्यापाशी पाणी काळंठिक्कर होतं, मासे मरून तरंगतात, गावकरी प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या अधिकाऱ्यांना जाब विचारतात आणि पंचनामा होतो. २०१२ मध्ये इचलकरंजीत काविळीची मोठी साथ आली तीही दूषित पाण्यानेच. आता कापडावर मोठं झालेलं हे शहर, २०२२ पासून महापालिका झालेलं, दाराशी नदी असून दुसऱ्या नद्यांकडे पाणी मागत फिरतं. कृष्णेवरून पाइपलाइन आणली, ती पुरेना. वारणेचं मागितलं तर वारणाकाठ आडवा आला. दूधगंगेवर सुळकूडची योजना आणली तर कागलकर रस्त्यावर उतरले. त्यांचंही काय चुकलं? तुमची नदी तुम्ही नासवलीत आणि आता आमची मागता, एवढाच त्यांचा मुद्दा आहे. या पाइपलाइनी, ही आंदोलनं, टँकर, दवाखान्याची बिलं हा सगळा कापडाचाच उत्पादन खर्च आहे. कापडवाला तो भरत नाही, नळपट्टी भरणारा भरतो.

हा खर्च परत कापडाच्या किमतीत घालता येतो का? तिरुप्पूरने याचं उत्तर दिलेलं आहे, अर्धवट का होईना. होजिअरीची ही देशातली राजधानी. तिथल्या रंगशाळांचं खारं, रंगीत पाणी नोय्यल नदीतून ओरथुपलायमच्या धरणात साठायचं. धरण शेतीसाठी बांधलेलं, पण तेच पाणी शेतात गेलं तर जमीन जायची. शेतकरी वर्षानुवर्षं कोर्टात भांडले. जानेवारी २०११ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने शहरातल्या शेकडो रंगशाळांना टाळं लावायला लावलं. हाहाकार झाला, ऑर्डरी गेल्या, मजूर गावी परतले. त्यातून बाहेर पडताना ‘एक थेंबही बाहेर नाही’ या अटीवर पाणी शुद्ध करून पुन्हा वापरायची यंत्रणा उभी राहिली. रंगाई महागली, तरी तिरुप्पूर बुडालं नाही, आजही देशातली सर्वांत मोठी होजिअरी निर्यात तिथूनच होते. पण त्या काळात रंगाईचं बरंचसं काम शेजारच्या जिल्ह्यांत, जिथे डोळा कमी तिथे, सरकलं. नियम एका गावाला आणि मोकळीक दुसऱ्या गावाला, असं असलं की नियम पाळणाराच मार खातो. हा मुद्दा पुढे पुन्हा लागणार आहे.

शिलाईचं प्रकरण जगाला माहीत आहे, म्हणून थोडक्यात. २३ एप्रिल २०१३ ला ढाक्याजवळच्या सावरमधल्या राणा प्लाझा या आठमजली इमारतीला भेगा पडल्या. खालच्या मजल्यावरची बँक आणि दुकानं त्याच दिवशी बंद झाली. वरच्या शिलाई कारखान्यांतल्या कामगारांना मात्र दुसऱ्या दिवशी सकाळी बोलावलं गेलं, आला नाहीत तर पगार कापू म्हणून. वीज गेली, जनरेटर सुरू झाले आणि इमारत बसली. १,१३४ माणसं गेली. बँकेच्या आणि शिलाईच्या कामगारांत फरक एवढाच होता की शिलाईवाल्यांच्या डोक्यावर ऑर्डरची तारीख होती. तारीख चुकली तर माल विमानाने पाठवायचा आणि भाडं कारखानदाराने सोसायचं, असे करार या धंद्यात सर्रास असतात. भेगा पडलेल्या भिंतीपेक्षा ते भाडं जास्त भीतिदायक वाटावं, अशीच ती रचना होती.

त्यानंतर जे झालं ते मला दुर्घटनेपेक्षा जास्त बोलकं वाटतं. दोनशेहून अधिक ब्रँडांनी कामगार संघटनांबरोबर कायद्याने बांधील करार केला, सोळाशेवर कारखान्यांची तपासणी झाली, जिने, दरवाजे, खांब, वायरिंग दुरुस्त झालं. बांगलादेशचे कपडे त्यामुळे महाग झालेले कुठल्याच ग्राहकाला जाणवले नाहीत. म्हणजे ती माणसं ज्या बचतीपायी गेली, ती बचत नगामागे इतकी किरकोळ होती. मजुरीचंही तेच. दुकानातल्या किमतीत शिवणाऱ्याच्या हाती पडणारा वाटा दोन-तीन टक्क्यांच्या आसपास असतो. बांगलादेशात त्याचं महिन्याचं किमान वेतन २०१८ मध्ये ८,००० टका झालं आणि डिसेंबर २०२३ पासून १२,५००. संघटना २३,००० मागत होत्या, रस्त्यावर आल्या, गोळीबारही झाला. तरीही ‘बांगलादेशी कपडा घेऊ नका’ असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. चाळीसेक लाख माणसं, त्यात बहुसंख्य बाया, या धंद्यावर घर चालवतात. त्यांना हवी आहे ती वाढीव मजुरी आणि न पडणारी इमारत, आपली सहानुभूती आणि रद्द झालेली ऑर्डर नको.

आणि हे सगळं सीमेपलीकडे होतं असं समजायचं कारण नाही. मे २०२५ मध्ये सोलापूरच्या अक्कलकोट रस्त्यावरच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्याला आग लागून आठ जण गेले. त्यात कामगारही होते आणि कारखान्यातच राहणारा मालक, त्याच्या घरची माणसंही होती. लहान उद्योगात मालक-मजूर हा भेद किती पातळ आहे ते अशा वेळी कळतं. स्वस्ताईची उधारी कधीकधी दोघांच्या नावावर एकाच रात्री वसूल होते.

इथवर वाचून कुणी म्हणेल की मग स्वस्त तेवढं सगळं पापच. तसं अजिबात नाही. एलईडी बल्ब घ्या. २०१४ च्या सुरुवातीला सरकारी खरेदीत एक बल्ब ३१० रुपयांना पडत होता. जानेवारी २०१५ मध्ये उजाला योजना सुरू झाली, कोट्यवधी बल्बांची एकगठ्ठा मागणी नोंदवून लिलाव झाले आणि दोनेक वर्षांत तोच बल्ब ३८ रुपयांवर आला, हमीसकट. एवढा भाव पडायला नदी काळी करावी लागली नाही की इमारत पाडावी लागली नाही. तंत्र सुधारलं, संख्या वाढली, मधले दलाल गळले. अशी स्वस्ताई ही शुद्ध कमाई आहे आणि तिचं कौतुकच करावं. ओळखायची खूण सोपी आहे: भाव का पडला ते विकणारा तपशिलात सांगू शकतो का? ‘आम्ही थेट कारखान्यातून आणतो’ हे उत्तर नाही. थेट कारखान्यातून म्हणजे कुठल्या, तिथे पाणी कुठे जातं, पाळी किती तासांची, हे सांगता आलं पाहिजे.

काही उधारी तर गिऱ्हाईकाच्याच नावावर चढते. २०१९ मध्ये भारतीय गुणवत्ता परिषदेने दिल्लीच्या बाजारातली आयात खेळणी तपासली. १२१ नमुन्यांपैकी सुमारे ६७ टक्के नापास झाले. कुठे टोकदार कडा, कुठे घातक रसायनं. ही खेळणी तोंडात घालणारं मूल गिऱ्हाइकाचंच असतं. जानेवारी २०२१ पासून खेळण्यांना आयएसआय मार्क सक्तीचा झाला आणि जत्रेतली पन्नास रुपयांची गाडी महागली. महागली म्हणजे काय, तर तिची खरी किंमत थोडीफार दिसू लागली.

आता वस्तूच्या शेवटाकडे येऊ. १४९ रुपयांचा टी-शर्ट बहुधा पॉलिएस्टरचा किंवा मिश्र धाग्याचा असतो, आणि जगात वापरल्या जाणाऱ्या एकूण धाग्यांत पॉलिएस्टरच आता निम्म्याहून जास्त आहे. पाच-सात धुण्यांत त्याचा गळा सैल होतो, रोवे उठतात. पूर्वी कपड्याचा शेवट ठरलेला होता. थोरल्याचा धाकट्याला, मग पायपुसणं, मग गोधडी, नाहीतर बोहारीण. बोहारीण दारात बसून कपडा कसा बघते ते बघण्यासारखं असतं. साडी उजेडाकडे धरते, काठ हाताने चाचपते, पँटची शिवण ताणते, झिप ओढते आणि मगच स्टीलचं पातेलं की नुसता डबा ते सांगते. हल्ली पिशवीतून टी-शर्टांचा ढीग काढून दिला तर ती तो बाजूला सारते. एवढ्यात चमचाही येत नाही म्हणते. तिचा निवाडा कुठल्याही गुणवत्ता चाचणीइतका पक्का, कारण तिला तो माल पुढे विकायचा असतो. गोधडीतही हा कपडा चालत नाही. सुई सरकते, ऊब धरत नाही, घाम शोषत नाही.

मग तो जातो कचऱ्यात. पानिपतला जगभरच्या जुन्या लोकरी कपड्यांचं सूत काढून चादरी-ब्लँकेटं विणायचा मोठा धंदा होता; त्याला नव्याकोऱ्या पॉलिएस्टरच्या फ्लीस ब्लँकेटांनी जेरीस आणलं. म्हणजे जुनं वापरात आणणाराच स्वस्ताईत मागे पडला. घानात आक्रा शहरातल्या कांतामांतो बाजारात परदेशातून आलेल्या जुन्या कपड्यांच्या गाठी न बघता विकत घेतात आणि उघडल्यावर निम्मा माल फेकण्याजोगा निघाला तर नुकसान फेरीवालीचं. चिलीत इकिके बंदरामार्गे आलेले न खपलेले कपडे आल्टो ओस्पिसिओच्या बाजूला अताकामा वाळवंटात डोंगरांसारखे साठले, त्यांची छायाचित्रं २०२१ मध्ये जगभर फिरली. काहींना दुकानाची चिठ्ठी तशीच लटकलेली होती.

हे ऐकून मध्यमवर्गीय वाचक लगेच अपराधी होतो किंवा उपदेश करू लागतो. दोन्ही मला फारसं उपयोगाचं वाटत नाही. महिना बारा-पंधरा हजारांवर घर चालवणाऱ्याने खादीचा हजाराचा सदरा घ्यावा, हे सांगणं सोपं आहे. तो सदरा पाच वर्षं टिकेलही, पण हजार रुपये आज नाहीत. म्हणून तो दरवर्षी तीन टी-शर्ट घेतो आणि पाच वर्षांत दोन हजारांवर खर्च करतो. टिकाऊपणा परवडायला आधी पैसा लागतो. आणि त्याची कमाई बारा हजार का? कारण तोही कुठल्यातरी शेडमध्ये, गोदामात, डिलिव्हरीच्या स्कूटरवर, दुसऱ्या कुणाची वस्तू स्वस्त करायला राबतो आहे. भिवंडीत यंत्रमाग भंगारात गेले आणि त्याच पट्ट्यात ऑनलाइन मालाची गोदामं उभी राहिली. बाप माग चालवायचा, पोरगा पार्सलांवर स्टिकर लावतो, आणि अंगात दोघांच्याही तोच १४९ चा टी-शर्ट. इथे गिऱ्हाईक आणि सावकारीत अडकलेला हे दोन वेगळे लोक नाहीत.

म्हणून मला या प्रश्नाची किल्ली दुकानात दिसत नाही, नियमात दिसते. अमेरिकेत ८०० डॉलरपर्यंतच्या पार्सलला जकात नव्हती. चीनमधल्या अतिस्वस्त ऑनलाइन दुकानांचा डोलारा बऱ्याच अंशी त्यावर उभा होता. २०२५ च्या मे महिन्यात चिनी मालाची आणि ऑगस्टमध्ये सगळ्यांचीच ही सवलत गेली, तसे भाव चढले. तिथला हेतू कामगारांचा कळवळा नव्हता, व्यापारयुद्धाचा होता. पण एका कलमाने किती स्वस्ताई तयार होते आणि मोडते ते त्यातून कळलं. फ्रान्समध्ये २००७ पासून कपडे विकणाऱ्याला प्रत्येक नगामागे काही सेंट भरावे लागतात आणि त्यातून जुने कपडे गोळा करण्याची, निवडण्याची व्यवस्था चालते. युरोपीय संघाने २०२५ मध्ये हे सगळ्या सदस्य देशांना लागू करायचं ठरवलं. आपल्याकडे प्लास्टिक, ई-कचरा, बॅटरी, टायर यांची विल्हेवाट ही उत्पादकाची जबाबदारी झाली आहे. कपडा त्यात नाही.

तो त्यात आला पाहिजे, आणि रंगाईच्या पाण्याचा खर्चही मीटरमागे किमतीत आला पाहिजे. इचलकरंजीतला प्रोसेसवाला यावर म्हणतो, मी मीटरला दोन रुपये वाढवले तर व्यापारी उद्या सुरतेला जाईल. तो खोटं बोलत नाही, तिरुप्पूरच्या आसपास नेमकं तेच घडलं. त्यामुळे हा दर एकट्या गावाने, एकट्या राज्याने लावून भागणार नाही. इचलकरंजी, सुरत, पाली, लुधियाना, तिरुप्पूर, सगळीकडे एकाच तारखेपासून तो लागायला हवा. तसं झालं तर १४९ चा टी-शर्ट १६० ला जाईल, आणि कामगाराची मजुरी धरली तर कदाचित १७५ ला.